कड्यासमोरचं झाड

लोक मला म्हणतात, मजा आहे बुवा तुमची, जंगलात हिंडायचं, पशुपक्षी बघायचे आणि त्यालाच काम म्हणायचं. असं म्हणणाऱ्याला धरून एकदा चैत्राच्या उन्हात डहाळ्यांच्या आडोशात आठ तास बसवावं. खोकायचं नाही, पाय पसरायचा नाही, मुंग्या चावल्या तरी हात हलवायचा नाही. मग संध्याकाळी विचारावं, बोला, कशी होती मजा. माझा स्वभाव तिरसटच आहे. आई म्हणायची, ह्याच्या जिभेला देवाने बाभळीचा काटा लावून पाठवलाय.

वीस वर्षं झाली मी वन्यजीवांच्या फिल्म करतोय. काही माझ्या स्वतःच्या, बऱ्याचशा दुसऱ्यांच्या, पण कॅमेरा कायम माझ्या खांद्यावर. त्याआधी शहाद्यात लग्नांचं शूटिंग करायचो. आमचं गाव तापीकाठचं, घरी केळी, ऊस, कापूस. वडिलांना शेवटपर्यंत नीट कळलं नाही की मी करतो तरी काय. गावात कुणी विचारलं तर ते सांगायचे, पोरगा अजून शूटिंगच करतो, फक्त आता नवरानवरीच्या जागी जनावरं असतात. लोक हसायचे, तेही हसायचे, आणि मला त्याचा भयंकर राग यायचा. आता येत नाही. माझ्या कामाचं याहून बरं वर्णन मलाही जमलेलं नाही.

या वीस वर्षांत मला जे काही मिळालं त्यातलं सगळ्यात चांगलं मी एका शॉटपायी घालवलं. आठ सेकंदांचा शॉट. तो सगळ्यांनी पाहिला, वाखाणला, मला त्यासाठी शाल-श्रीफळ मिळालं. त्याची खरी गोष्ट मी कुठल्याच सत्कारात सांगितली नाही, म्हणून इथे लिहून टाकतोय.

शहाद्याहून म्हसावद, आणि म्हसावद मागे पडलं की तोरणमाळच्या वाटेवर सातपुडा सुरू होतो. त्या डोंगरात रानपिंगळा आहे. घुबडाच्या जातीतला छोटासा पक्षी, मुठीपेक्षा थोडा मोठा. इतर घुबडं दिवसा झोपतात, हा पठ्ठ्या भर उन्हात सागाच्या बोडक्या फांदीवर बसून शेपूट इकडून तिकडे झटकत असतो. हा जगातून संपला असंच शंभरेक वर्षं सगळे समजत होते. मग तो आमच्याच जिल्ह्यात पुन्हा सापडला. मी ज्या मातीत वाढलो तिच्या डोक्यावरच तो राहत होता आणि मला पत्ता नव्हता. त्याच्यावर फिल्म करायची हे माझ्या डोक्यात इतकं बसलं होतं की त्यापायी मी दोन चांगली कामं सोडली.

परवानगीची कागदपत्रं हातात आली तरी पक्षी हातात येत नाही. दोन हिवाळे मी त्या डोंगरात घासले. पक्षी दिसायचा, घरटं सापडायचं नाही. घरट्याशिवाय फिल्म कसली करणार, डोंबलाची? शेवटी एका पाड्यावरच्या माणसाने मला घरटं दाखवलं. माझ्याहून दहा-बारा वर्षांनी मोठा, पावरा आदिवासी, अंगाने काटक, हसला की डोळे पार मिटून जायचे. मी त्याला दादा म्हणायचो, तो मला भाऊ. घरात ते पावरी बोलायचे, माझ्याशी बाजारात बोलतात ती अहिराणी. दरवर्षी दिवाळीनंतर तो बायकोला घेऊन गुजरातेत ऊसतोडीला जायचा आणि होळीला परत यायचा. त्या वर्षी माझ्यासोबत काम करायला तो मागे राहिला.

सुरुवातीचे दोन महिने त्याने मला फक्त तपासलं. हे मला पुष्कळ नंतर कळलं. तो मला रोज वेगळ्या ओहोळाला फिरवायचा, मी चिडचिड करायचो, तो हसायचा. एकदा मी संतापून म्हणालो की तुला घरटं माहीत आहे आणि तू माझी मजा बघतोयस. तो शांतपणे म्हणाला की तू अजून पक्षी बघत नाहीस, तू डब्यात बघतोस. डबा म्हणजे माझा कॅमेरा. त्या वेळी मला ते लागलं होतं. मी दोन दिवस कॅमेरा पिशवीत ठेवून नुसता त्याच्यासोबत बसलो. तिसऱ्या दिवशी तो मला त्याच्या घरामागच्या उतारावर घेऊन गेला.

तिथे मोहाचं झाड होतं. मोठं, जुनं, एक फांदी खाली झुकलेली, आणि तिच्या आड खोडात ढोली. ढोलीच्या तोंडाशी दोन पिवळे डोळे. मागे उभा काळा कडा, मधोमध खाच पडलेला. दोन महिने मी त्या झाडापासून हाकेच्या अंतरावर चहा पीत होतो.

मोहाची झाडं डोंगरात घराघरात वाटलेली असतात. जंगल सरकारचं असेल, पण कुठला मोह कुणाचा हे पाड्यातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. हे झाड दादाच्या आईचं होतं, आता त्याच्या बायकोचं. वहिनी मी म्हणायचो तिला. ती माझ्याशी फारसं बोलायची नाही, पण माझ्या भाकरीवर नेहमी एक मिरची जास्त ठेवायची. मोहावर जिवंतपणी कुऱ्हाड चालवत नाहीत, तोडणं तर सोडाच, फुलोऱ्याची डहाळीही मोडत नाहीत. लेकीसुनांना जपतात तसं त्या झाडाला जपतात.

दादाने घरटं दाखवलं आणि एक अट घातली. दिवाळीच्या आधी खालून माणसं घुबडं शोधत वर येतात, जादूटोण्यासाठी धरून नेतात, हे त्याने अनेकदा पाहिलं होतं. म्हणून तो म्हणाला, "पक्षी दाखाड, भाऊ. जागा नको दाखाडू."

मी लगेच हो म्हणालो. इतक्या पटकन हो म्हटलेलं त्याला आवडलं नसावं. त्याने घरातून मोहाची बाटली आणली, पानाच्या द्रोणात ओतली, आणि पिण्याआधी चार थेंब झाडाच्या मुळाशी जमिनीला दिले. मग द्रोण माझ्या हातात दिला. डोंगरात पिण्याआधी सगळेच थेंब देतात, पण झाडाशी, एखादी गोष्ट ठरवून दिलेले थेंब म्हणजे शब्द असतो. जमिनीने तो ऐकलेला असतो. मला हे माहीत होतं. पुढे मी स्वतःला कितीदा तरी समजावायचा प्रयत्न केला की मला तितकं कळलं नव्हतं. साफ खोटं आहे ते. मला चांगलं कळलं होतं आणि मी थेंब दिले.

त्यांनी त्यांच्या बाजूने शब्द कसा पाळला ते सांगतो. मोहाची फुलं गळायला लागायच्या आधी झाडाखालचा पाला जाळतात. जमीन काळी होते, त्यावर पडलेली पांढरी फुलं लगेच दिसतात आणि वेचणं सोपं जातं. धुराने पक्षी घरटं सोडेल म्हणून मी विचारलं की यंदा नाही जाळलं तर? दादाने बायकोकडे पाहिलं. दुसऱ्या दिवसापासून ती रोज उजाडायच्या आधी झाडाखाली येऊन हाताने पाला झाडायची. एवढं मोठं झाड, एवढा पसरलेला उतार, कंबरेतून वाकून ती इंच इंच झाडत जायची. बाकीच्या बाया वेचून घरी जायच्या तेव्हा हिचं अर्धंही झालेलं नसायचं. त्यांनी तिची टिंगलही केली असेल. माझ्यापर्यंत तिने एक शब्द येऊ दिला नाही.

मी आणि दादा समोरच्या उतारावर डहाळ्यांचा आडोसा करून बसायचो. नर सरडे आणायचा, टोळ आणायचा, एकदा त्याच्याच वजनाचा उंदीर आणला आणि फांदीवर ठेवून धापा टाकत बसला. दादा माझ्या कानाशी पुटपुटायचा, आता येईल, आता येईल, आणि खरंच यायचा. त्याला ते कसं कळायचं हे मी शेवटपर्यंत शोधत राहिलो. मांजरीसारखं कान टवकारून बसणारा तो माणूस मध्येच पेंगायचा आणि पेंगतानाही बरोबर वेळेला मला कोपर मारायचा. मला सख्खा भाऊ नाही. त्या आडोशात घामाने चिकटून बसलेलो असताना मला वाटायचं, असता तर असाच असता. हे मी त्याला कधी बोललो नाही. असलं बोलायला मला लाज वाटते.

पिल्लं दोन निघाली आणि दोन्ही उडाली. दुसरं पिल्लू उडालं तेव्हा दादाने माझा हात इतका दाबला की कॅमेरा हलला आणि तो शॉट वाया गेला. मी त्याच्यावर ओरडलो. मग आम्ही दोघंही वेड्यासारखे हसत सुटलो.

आता तो शॉट. पिल्लं उडायच्या काही दिवस आधीची सकाळ. मी कॅमेरा घेऊन एकटाच पलीकडच्या धारेवर गेलो, उगाच, जागा नजरेत भरून घ्यायला. ऊन कड्याच्या खाचेतून उतरत होतं. समोर अख्खं झाड, शेंड्याशेंड्याला फुलोरा, झाडाखाली वाकलेली वहिनी, तिच्या झाडूने उडालेली धूळ उन्हात सोन्यासारखी, आणि बरोबर तिच्या डोक्यावरच्या फांदीवर नर येऊन बसला. वीस वर्षांत असं एकदा होतं. कॅमेरा चालवणारा कुठला माणूस तिथे बटण दाबणार नाही? मी दाबलं.

खाली आलो तर दादा वाटेत उभा. त्याने विचारलं की त्यात जागा येते का. मी म्हणालो, हे माझ्यासाठी आहे, फिल्ममध्ये जाणार नाही. त्याने मान डोलावली आणि कॅमेऱ्याचा तिपाई स्टँड माझ्या खांद्यावरून स्वतःच्या खांद्यावर घेतला. म्हणालो तेव्हा ते खरंच होतं. एवढं तरी माझ्या बाजूने लिहितो.

एडिट पुण्यात झालं. एडिटर भला माणूस, त्याचा काही दोष नाही. तो म्हणाला, पक्षी छान आहे, पण हे सगळं घडतंय कुठे? तुमच्या फिल्मला जमीनच नाही. मी म्हणालो, नाहीच दाखवायची. तो बरं म्हणाला आणि कामाला लागला. त्याने मला पुन्हा विचारलंही नाही. दोन दिवसांनी मीच पेन ड्राइव्ह काढला आणि म्हणालो, हे एकदा बघ. त्याने पाहिलं, खुर्चीत मागे रेलला आणि काहीच बोलला नाही. त्याच्या त्या गप्प बसण्याने मी विकला गेलो. मला तो शॉट लोकांनी बघायला हवा होता. नुसता दिसायला नको, माझा म्हणून दिसायला हवा होता. मी स्वतःची समजूत घातली की आठच तर सेकंद आहेत, कडा पलीकडच्या बाजूने आहे, कोण ओळखणार? तोरणमाळच्या घाटात ज्या वळणावर येणारा प्रत्येक जण गाडी थांबवून फोटो काढतो, तिथून तीच खाच दिसते. हे मला माहीत नव्हतं असं कुणी म्हणू नये. त्या वळणावर मी स्वतः शंभरदा थांबलोय.

फिल्म चालली. नंदुरबारला सत्कार झाला, भाषणात कुणीतरी मला जिल्ह्याचं भूषण वगैरे म्हटलं. दादाला बोलवायला हवं होतं. तो ऊसतोडीला गेला होता, आणि खरं सांगायचं तर मला हायसं वाटलं. फिल्म मी त्याला दाखवलीच नव्हती. होळीला आला की दाखवू, असं म्हणत राहिलो. होळी आली, मी मध्य प्रदेशात दुसऱ्याच्या फिल्मसाठी रानकुत्र्यांच्या मागे होतो. होळी गेली.

तिथेच एका दुपारी मोबाइलवर कुणीतरी फोटो पाठवला. रानपिंगळा, काय तो उजेड, पिसन् पीस दिसतंय. पहिल्या क्षणाला मला आनंद झाला, हे मी लपवत नाही. मग फांदी ओळखीची वाटली. त्या फांदीवरची गाठ मी तीन महिने बघितली होती. आणि पक्ष्याची चोच उघडी होती, मान ताणलेली, गळा फुगलेला. घरटं असलेला नर असा भर दुपारी उघड्यावर येऊन ओरडतो तो एकाच कारणाने. कुणीतरी खाली उभं राहून मोबाइलवर त्याच्याच जातीची हाक वाजवतंय, आणि त्याला वाटतंय की दुसरा नर आपल्या घरात घुसला. फोटो काढणारे ही युक्ती सर्रास करतात. मीही तरुणपणी केली आहे.

तरी मी लगेच निघालो नाही. हातातलं काम आठ दिवसांचं होतं, ते उरकलं. मग निघालो. म्हसावदला चहालासुद्धा उतरलो नाही.

झाडाची ती झुकलेली फांदी नव्हती. तिच्या शेजारचीही एक नव्हती. फुलोऱ्यासकट तोडलेल्या, खाली वाळत पडलेल्या. ढोली उघडी पडली होती, दुपारचं ऊन थेट आत जात होतं. आत कुणी नव्हतं. समोरच्या उतारावर गवत तुडवून सपाट झालेलं, पाण्याच्या रिकाम्या बाटल्या. मी तिथेच खाली बसलो.

दादा घराच्या ओट्यावर बसला होता. मला बघून उठला, पण नेहमीसारखा हसला नाही. खाट टाकली. मी बसायच्या आधीच तो बोलायला लागला, जणू कितीतरी दिवस तो हे बोलायची तयारी करत होता.

"चुकनं मन्हं, भाऊ. तुन्हा पक्षी मी घालाडा."

माझा पक्षी त्याच्या हातून गेला, असं म्हणून त्याने सगळं सांगितलं. होळीनंतर दोन गाड्या आल्या. माणसं चांगली होती, मोठमोठे डबे होते, माझ्यासारखेच. त्यांनी मोबाइलवर माझी फिल्म दाखवली आणि विचारलं, हे झाड कुठे आहे. दादाने पाहिलं, झाड आपलं, कडा आपला, झाडाखाली आपली बायको. त्याच्या मनात काय आलं असेल? मी शब्द मोडला हे त्याच्या मनाला शिवलंसुद्धा नाही. जमिनीला थेंब देऊन कुणी उलटत नाही. भाऊनेच जागा दाखवली म्हणजे आता दाखवायला हरकत नसणार, त्याने काहीतरी विचार केला असणार, आणि ही त्याचीच माणसं असणार. म्हणून त्याने त्यांना घरी बसवलं, कोंबडी कापली. ती माणसं म्हणाली की फांदी आड येते, ढोलीत उजेड पोचत नाही. दादा कुऱ्हाड घेऊन आला. बायको आडवी आली, तर तिला ओरडला की भावाचे पाहुणे आहेत, तू मध्ये बोलू नकोस.

चार दिवस ते हाक वाजवत होते. नर ओरडत ओरडत उघड्या फांदीवर येऊन बसायचा. चौथ्या दिवशी शिक्रा आला आणि त्याला उचलून घेऊन गेला. वहिनी तेव्हा झाडाखाली होती. मादी अंडी सोडून गेली ती परत आली नाही.

हे सगळं दादा मला खाली मान घालून सांगत होता, जणू मी कोर्ट आहे. पाड्यातल्या म्हाताऱ्यांनी त्याला बोलावून जाब विचारला होता. फुललेल्या मोहाला कुऱ्हाड लावणारा माणूस त्यांच्यात आजवर झाला नव्हता. बायको त्याच्याशी बोलत नव्हती. भाकरी करायची, समोर ठेवायची आणि उठून जायची. तिच्या सासूने सोपवलेलं झाड होतं ते. ती आत्ताही दाराशी पाठ करून धान्य निवडत होती, आणि आमचं सगळं तिच्या कानावर पडत होतं.

मी गप्प राहू शकलो असतो. तो मनापासून मानत होता की दोष त्याचा आहे. मी नुसतं "जाऊ दे दादा" म्हटलं असतं तर त्याने मला मोठ्या मनाचा ठरवलं असतं, आणि पुढच्या वर्षी आम्ही पुन्हा त्याच आडोशात शेजारी बसलो असतो. हे सगळं माझ्या डोक्यात येऊन गेलं, खोटं कशाला सांगू. तो माणूस मला हवा होता. पण त्याची बायको तिथे पाठ करून बसली होती आणि मी केलेल्या पापाची शिक्षा तो त्याच्या घरात भोगत होता. मला ते बघवेना.

मी सांगितलं. तो शॉट फिल्ममध्ये मी स्वतःच्या हाताने घातला. कुणी मागितला नव्हता. ती माणसं मी पाठवली नव्हती, मी त्यांना ओळखतही नाही. शब्द माझ्याकडून मोडला गेला, आणि मला कळत असताना मोडला. तुझी चूक नाही दादा, सगळी माझी आहे. हे मी दोनदा सांगितलं, दुसऱ्यांदा दाराकडे बघून, वहिनीला ऐकू जावं म्हणून.

त्याला पटेना. तो म्हणाला की तू मला बरं वाटावं म्हणून असं बोलतोयस. मी नाही म्हणालो. त्याने विचारलं, थेंब दिले होते तेव्हा तुला माहीत होतं ना? मी म्हणालो, माहीत होतं. तो स्वतःच्या तळव्यांकडे बघत राहिला. त्याने मला शिवी द्यावी, दोन थोबाडीत माराव्या, असं मला फार वाटत होतं. मारलं असतं तर बरं झालं असतं.

तो माझ्याकडे न बघता म्हणाला, "चूक मन्ही व्हती, तवर मन्हाजोडे मन्हा भाऊ व्हता. आते तोबी नही."

दाराशी सूप खाली ठेवल्याचा आवाज झाला. वहिनी उठली, तांब्या भरून आणला आणि माझ्यासमोर ठेवला, पाहुण्याला ठेवतात तसा. मग ती नवऱ्याजवळ जाऊन त्याच्या खांद्याला हात लावून त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाली. मला पावरी येत नाही, पण जेवून घे, एवढं कळलं. तो उठून तिच्यामागे आत गेला. मी पाणी प्यायलो, तांब्या उपडा ठेवला आणि उतारावरून एकटाच गाडीकडे आलो.

त्याच आठवड्यात मी एडिटरला फोन करून तो शॉट फिल्ममधून काढायला लावला. आता जिथे जिथे दाखवतात तिथे तो नसतो. पण मोबाइलवर फिरते ती जुनीच, आणि ती काढणं कुणाच्याच हातात नाही. दोनदा मी त्या पाड्याच्या वाटेला लागलो आणि घाटाच्या पायथ्यावरून गाडी वळवली. रानपिंगळ्याचं काम पुढे कुणी देऊ केलं तर मी जमत नाही म्हणून सांगतो. कारण विचारलं की माझी जीभ सुटते, मग लोक पुन्हा विचारत नाहीत.

गेल्या पावसाळ्याच्या शेवटी म्हसावदच्या बाजारात तो मला दिसला. मी गर्दीतून वाट काढत त्याच्यापर्यंत गेलो. त्याच्यासोबत खालच्या गावचा कुणी नवखा माणूस होता. दादाने माझ्या तब्येतीचं विचारलं, घरचे बरे आहेत का विचारलं, यंदा केळीला भाव काय विचारलं. चेहऱ्यावर राग नव्हता, मी फार शोधला. वहिनी कशी आहे, झाड कसं आहे, हे मला विचारायचं होतं, मी केळीचा भाव सांगितला. सोबतच्या माणसाने माझ्याकडे बोट करून त्याला विचारलं, हा कोण.

"वळखना माणूस शे," तो म्हणाला, ओळखीचा माणूस आहे, एवढंच, आणि दोघं मिठाच्या दुकानाकडे गेले.